लाल दार, हिरवं दार आणि दसऱ्याचं सोनं

मंडळी, टाळ खाली ठेवा. पेटीवाले काका, तुम्हीही बोटांना जरा विसावा द्या. आज आठवी माळ — परवा दसरा! परवा आपण सगळे एकमेकांच्या हातात आपट्याचं पान ठेवणार, आणि म्हणणार काय? — सोनं घ्या! द्यायचं पान आणि म्हणायचं सोनं. वर्षानुवर्षं भरचौकात हे चाललंय आणि आजवर एकानंही तक्रार केलेली नाही!

पण समजा केली तर? समजा, एखाद्यानं पान घेतलं, तळहातावर तोललं आणि विचारलं, “खरं सांगा, हे काय आहे?” — तर?

इथंच आजचा प्रश्न आहे. दिसायला सोपा आहे, पण मला त्यानं पार गोंधळात टाकलंय, म्हणून म्हटलं तुम्हालाही टाकावं. एखादी गोष्ट आपल्याला माहीत होती की नव्हती — हे ठरवायचं कुणी?

तुम्ही म्हणाल, हा काय प्रश्न झाला? माहीत असेल तर माहीत असतं, नसेल तर नसतं! बरं. मग हे सांगा. परीक्षा चालू आहे. मागच्या बाकावरून घडी घातलेली चिठ्ठी येते. मैत्रीण कुजबुजते, “शुभेच्छा आहेत गं, पुढे दे.” तुम्ही पुढे देता. उघडत नाही, वाचत नाही. आत काय होतं ते तुम्हाला माहीत होतं का?

बघा! इकडच्या काकू गालात हसल्या, आणि खांबाशी बसलेले आमचे गणिताचे सर अजिबात हसत नाहीयेत! राहू द्या सर, उत्तर शेवटी. आधी गोष्ट ऐका.

तर मंडळी, आपल्याच भागातली एक बाई. नाव हौसाक्का साळुंखे. वय पासष्टच्या पुढे, अंगानं काटक, बोलणं तुटक. हिचा नवरा गलाईवाला. आता बाहेरगावच्या पाहुण्यांसाठी सांगते — गलाई म्हणजे काय? जुना डाग, म्हणजे दागिना, भट्टीत वितळवायचा, त्यातलं तांबं-पितळ बाजूला काढायचं आणि चोख सोनं वेगळं करायचं. आपल्याकडची माणसं या कामासाठी देशभर पांगली. हौसाक्का नवऱ्याबरोबर कोइमतूरला गेली आणि तिशीपासून साठीपर्यंत भट्टीशेजारी बसली. नवरा आग सांभाळायचा, ही माल हातात घ्यायची. आधी हात, मग काटा. ती म्हणायची साडेतीन तोळे, आणि काटा लाजून साडेतीनवरच थांबायचा! नवरा गमतीनं म्हणायचा, काटा बिघडला तर चालेल, हिचा हात बिघडायला नको.

हा हात लक्षात ठेवा. सगळी गोष्ट या हाताची आहे.

नवरा गेला, हौसाक्का गावी परतली. लेक वैजयंता मस्कतला दिलेली. ती बाळंतीण व्हायची होती, म्हणून आई तीन महिन्यांसाठी निघाली. आयुष्यात पहिल्यांदा विमान! हातात चार पाटल्या, गळ्यात बोरमाळ. जावई दिलीप मोठा व्यवस्थित माणूस, त्यानं फोनवरून बजावलं होतं की जाताना मुंबईच्या विमानतळावर कस्टमवाल्यांना दागिने दाखवा आणि दाखला घ्या. म्हणजे परत येताना कुणी म्हणणार नाही, हे सोनं तिकडून आणलं. अक्कांना काही पटलं नाही. माझ्या लग्नातल्या पाटल्या माझ्या आहेत, याचा दाखला दुसऱ्यानं द्यायचा? पण घेतला. घडी करून कुंकवाच्या रिकाम्या करंड्यात ठेवला. कुंकू नवऱ्याबरोबर गेलं होतं, करंडा राहिला होता.

मस्कतला पोचल्या. आणि वैजयंताला दिवस भरायच्या आधीच कळा सुरू झाल्या! दिलीप कामावर, दोन तासांच्या वाटेवर. अक्कांना ना रस्ता माहीत, ना भाषा. अशा वेळी धावून आलं कोण? बबन पवार. आपल्या शेजारच्या गावचा, तिकडं एका सोन्याच्या पेढीवर कामाला, मराठी मंडळाचा उत्साही कार्यकर्ता. त्यानं गाडी काढली, वैजयंताला उचलून गाडीत ठेवलं, इस्पितळाच्या दारात स्वतः सही केली. मुलगी झाली. दोघी सुखरूप. डॉक्टरीण म्हणाली, अर्धा तास उशीर झाला असता तर अवघड होतं.

मंडळी, हा अर्धा तासही लक्षात ठेवा. एका बाजूला हात, एका बाजूला हा अर्धा तास. आता तुम्हाला कळलं असेल, गाठ कुठं बसणार आहे!

तीन महिने संपत आले. निघायच्या आदल्या दिवशी जावयानं अक्कांना नियम शिकवायला घेतले. मुंबईत उतरलात की सामान घ्यायचं. मग पुढे दोन वाटा. एकीवर हिरवी पाटी, एकीवर लाल. ज्याच्याकडे सांगण्यासारखं काही नाही, त्यानं हिरव्यातून जायचं. ज्याच्याकडे आहे, त्यानं लालमधून. वर्षाच्या वर परदेशात राहिलेल्या बाईला सोन्याची थोडी सूट असते, पण तुम्हाला तीन महिनेच झालेत, तेव्हा तुम्हाला ती नाही. तुमचे स्वतःचे दागिने आहेत आणि त्यांचा दाखला आहे. तुम्ही सरळ हिरव्यातून जा.

अक्कांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “हिरवं दार सवाष्णींचं का?”

जावयाच्या हातातला चपातीचा घास ताटात पडला. वैजयंता पदर तोंडाला लावून आत पळाली. पण सांगा बरं, अक्कांचं काय चुकलं? हिरवा चुडा हातातून उतरल्यापासून हिरवा रंग आपला नाही, हे तिला पाच-सहा वर्षं जगानं शिकवलं. आणि आता म्हणे, ज्याच्याकडे सांगण्यासारखं काही नाही त्यानं हिरव्यातून जा!

दुपारी चारला बबन आला. हातात अर्ध्या किलोचा पेढ्यांचा डबा, चारी बाजूंनी चिकटपट्टी. अक्कांच्या पाया पडला. म्हणाला, दसरा महिन्यावर आलाय. मंडळातल्या पोरांनी सोनेरी कागदाची आपट्याची पानं कातरलीत, प्रत्येकावर आपलं नाव लिहिलंय. गावाकडं आईला एवढं पोचवा. तुम्हाला ओझं नको म्हणून धाकटा भाऊ सुभाष मुंबईला विमानतळाबाहेरच येऊन घेऊन जाईल.

आणि त्यानं डबा पुढं केला. “अक्का, सोनं आहे हं. जपून न्या.”

अक्कांनी हात पुढं केला — आणि मंडळी, हात खाली गेला! एवढासाच. दोन बोटं. तुमच्या-माझ्या लक्षातही आलं नसतं. पण तीस वर्षं भट्टीपाशी बसलेला हात होता तो!

“जड लागतंय रे,” अक्का म्हणाल्या.

बबन हसला. “सोनं जडच असायचं, अक्का.”

अक्काही हसल्या. वैजयंता हसली. कुशीतली तान्हीसुद्धा हसली म्हणतात. आणि डबा अक्कांच्या पिशवीत गेला.

आता थांबा! इथं खोटं कोण बोललं? बबन म्हणाला, सोनं आहे. म्हणाला की नाही? जड असतं, हेही म्हणाला. अक्कांनीही जे वाटलं ते विचारलं. मग खोटं आलं कुठून? शब्द एक, अर्थ दोन. बोलणारा एका अर्थावर उभा राहिला, ऐकणारीनं दुसरा उचलला. आणि मधल्या जागेत तो डबा!

विमानात अक्कांनी डबा मांडीवर घेतला. पिशवीत ठेवला तरी मन तिथंच जात होतं, म्हणून सरळ मांडीवरच. मग सुरू झाला गोंधळ. कागद असा जड असतो का? पुठ्ठा असेल. पोरांनी डिंक भरपूर लावला असेल, पोरं ती! खाली पेढे असतील. पण पेढ्यांचं वजन वेगळं, ते डब्यात पसरून बसतं. हे तर एका जागी तळाला बसलंय, आणि डबा कलला की सरकतंय. असं सरकणारं एकच काय ते तिला ठाऊक होतं.

उघडून बघावं? बघावं तर बघावं! पण आत खरंच पोरांची पानं निघाली तर? ज्यानं लेकीचा जीव वाचवला त्याच्यावर संशय घेतला म्हणायचं. आणि न उघडावं तर? एअर होस्टेस चहा घेऊन आली, विचारून गेली, चहा निवला, तरी अक्कांची बोटं चिकटपट्टीवरच.

*जीभ म्हणे पान, हात म्हणे सोने,*
*अंबे, सांग आता, कुणाचे ऐकणे!*

म्हणा माझ्याबरोबर! … जरा मोठ्यानं. हं! हे म्हणायला सोपं आहे, मांडीवर डबा नसला की!

सकाळी दहाला विमान मुंबईत उतरलं. अक्का चालत चालत आल्या, आणि समोर — खरोखरच दोन वाटा! डावीकडं हिरवी पाटी, उजवीकडं लाल. माणसांचा लोंढा हिरव्याकडं चाललाय. ट्रॉल्या, पोरं, टीव्हीची खोकी. लाल वाटेवर चिटपाखरू नाही. अक्का मधोमध उभ्या. मागची माणसं इकडून तिकडून वळसा घालून पुढं जातायत. झाडूवाली बाई येऊन म्हणाली, “आजी, तिकडून जा. तुमच्याकडं काय असणार?”

बोलली म्हणजे कशी बोलली बघा! पासष्ट वर्षांची विधवा बाई, नऊवारी, काखेत पिशवी — हिच्याकडं काय असणार? बबननंसुद्धा नेमकं हेच हेरलं होतं.

अक्का चार पावलं हिरव्याकडं गेल्या. आणि हात दुखायला लागला. खरंच दुखला की नाही, देवीला ठाऊक. अक्का मात्र शेवटपर्यंत हेच सांगायच्या, हात दुखला म्हणून मी वळले.

लाल वाटेच्या टेबलापाशी एक तरुण बाई बसली होती. पांढरा गणवेश, छातीवर नाव — दळवी. तिनं विचारलं, काय आहे?

“सोनं हाय.”

किती?

“ठाऊक न्हाई.”

कुणाचं?

“हातातलं माझं. डब्यातलं दुसऱ्याचं.” करंड्यातला दाखला अक्कांनी आधी पुढं केला. दळवीबाईंनी पाटल्या मोजल्या, बोरमाळ पाहिली, कागदाशी ताडलं, ठीक म्हणाल्या. मग पेन उचलून विचारलं, डब्यातलं सोनं कसलं?

“दसऱ्याचं.”

पेन हवेत थांबलं! शेजारी त्यांचे साहेब बसले होते, लांबच्या राज्यातले. त्यांनी हिंदीत विचारलं, काय म्हणते? दळवीबाई म्हणाल्या, सर, सोनं म्हणते, पण पानं आहेत. साहेब म्हणाले, पानं असतील तर वनस्पतीवाल्यांकडं पाठवा. दळवीबाई म्हणाल्या, तशी पानं नाहीत सर, कागदाची आहेत. साहेब म्हणाले, मग सोनं कुठं आहे? दळवीबाई म्हणाल्या, तेच म्हणतेय सर, पानांनाच सोनं म्हणतात. साहेबांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. त्यात काही फरक पडला नाही.

दळवीबाई अक्कांकडं वळल्या. “मावशी, नीट ऐका. पानं असतील तर त्या दारानं जा, आम्ही अडवत नाही. सोनं असेल तर इथं थांबा. आत काय आहे, एवढं एकच सांगा.”

सगळी गोष्ट या एका वाक्यावर आली, मंडळी. पानं म्हटलं असतं, तर अक्का सुटत होत्या. कुणी उघडणारही नव्हतं. बाहेर सुभाष उभा होता, त्याला डबा द्यायचा आणि एसटी पकडायची. बबनच्या अर्ध्या तासाची परतफेड झाली असती.

अक्का म्हणाल्या, “जीभ म्हणतीया पानं. हात म्हणतोय सोनं. मला काय बी कळंना झालंय बाई. तुम्हीच उघडा.”

दळवीबाईंनी पेन खाली ठेवलं. मग विचारलं, “हात किती म्हणतोय?”

अक्कांनी डबा तळहातावर घेतला. डोळे मिटले. “पुठ्ठा-कागद सोडून पस्तीस तोळे. वर थोडं असंल.”

डबा उघडला. आत सोनेरी कागदाची पानंच पानं! वेडीवाकडी कातरलेली, प्रत्येकावर एकेका पोराचं नाव. कुणी उलटा र काढलेला, कुणी आडनाव मावलं नाही म्हणून देठावर लिहिलेलं. साहेब वैतागले. पण दळवीबाईंनी ती सगळी टेबलावर ओतली आणि ढीग अक्कांकडं सरकवला.

अक्का पानं एकेक उचलू लागल्या. एक पान — डावीकडं. दुसरं — डावीकडं. तिसरं, चौथं. पाचवं पान तळहातावर आलं आणि हात दोन बोटं खाली गेला. ते उजवीकडं. डोळे मिटलेलेच! टेबलाभोवती चार-सहा अधिकारी जमले.  अशी सगळी ढीगभर पानं निवडली आणि उजवीकडं निघाली सात. दळवीबाईंनी एकाचा कागद नखानं सोलला. आत सोनं. चोख सोन्याचा पत्रा, आपट्याच्या पानासारखा कातरलेला, वरून पोरांच्या पानांसारखाच कागद चिकटवलेला. काट्यावर टाकली, पस्तीस तोळे आणि वर थोडं.

साहेबांनी खुर्ची दिली. पाणी दिलं. मग दळवीबाईंनी कागद पुढं ओढला आणि विचारलं. मंडळी, तुमचा-माझा प्रश्नच विचारला!

“मावशी, तुम्हाला माहीत होतं?”

बोला ना! माहीत होतं म्हणावं तर जाणूनबुजून आणलं. माहीत नव्हतं म्हणावं तर लाल दारात आल्या कशाला?  लेकीचा संसार मस्कतला. बबन तिथलाच. गावात तोंड दाखवायचंय. आणि समोर ही पोरगी, वैजयंताच्याच वयाची, पेन उचलून बसलेली.

अक्का म्हणाल्या, “हाताला माहीत होतं. मला न्हवतं.”

“फॉर्मवर तुमच्यासाठी आणि हातासाठी वेगळे रकाने नाहीत, मावशी. एकच आहे.”

 अक्कांनी आपला हात उलटा-सुलटा करून पाहिला, जणू दुसऱ्याच कुणाचा आहे. मग म्हणाल्या, “तर मग असं लिहा. काल दुपारी चार वाजता मला कळलं हुतं. आज साडेदहाला मी सांगितलं. मधली सगळी रात मी स्वतःला पुठ्ठा हाय म्हणून सांगत हुते.”

तसंच लिहिलं गेलं. बबनचं नाव, भावाचं नाव, सगळं. सात पानं सील झाली, पावती झाली. आपण होऊन लाल दारानं आली, आपण होऊन सांगितलं, हेही दळवीबाईंनी त्या कागदावर ठळक लिहिलं. पत्ता घेतला, बोलावलं तर यावं लागेल म्हणाल्या, आणि अक्कांना जाऊ दिलं. उठताना अक्कांनी विचारलं, कागदाची पानं नेऊ का? पोरांनी केलीत. साहेबांनी मान डोलावली.

बाहेर कठड्याशी सुभाष उभा. घाम पुसत पुढं आला. “अक्का, सोनं?”

अक्कांनी डबा त्याच्या हातात ठेवला. सुभाषनं तो घेतला, आणि त्याचा हात वर गेला! भरलेली घागर उचलायला जावं आणि ती रिकामी निघावी, तसा. तोंडाचा रंग उडाला. “हलकं लागतंय, अक्का.”

“दसऱ्याचं सोनं हलकंच असायचं,” अक्का म्हणाल्या. मग आवाज खाली आणून सांगितलं, जड होतं ते आत टेबलावर आहे. तुझं असेल तर आत जा आणि माझं म्हण.

सुभाष आत गेला नाही. बाहेरच्या बाहेर निघून गेला, डबा कठड्यावर ठेवून. अक्कांनी तो परत पिशवीत घातला.

मंडळी, इथं मला टाळ वाजवून मोकळं व्हायला फार आवडलं असतं! पण गोष्ट एवढी सरळ नाही. बबनवर चौकशी लागली. वैजयंतानं आईला पंधरा दिवस फोन केला नाही, केला तेव्हा एवढंच म्हणाली, “आई, त्या दिवशी तो आला नसता तर?”  गावातली अर्धी माणसं म्हणाली, बाई करारी. अर्धी म्हणाली, कृतघ्न. अक्का दोघांचंही ऐकायच्या, आणि दोघांचंही खरंच वाटायचं! या देवळात, या खांबाशी बसून विचारायच्या, मी बरोबर केलं का गं?  देवी अशा वेळी बोलत नाही, हे मी पाहिलंय.

मग दसरा आला. संध्याकाळी अक्का ओट्यावर बसलेल्या. आणि समोरून आली बबनची म्हातारी आई. पायी, शेजारच्या गावाहून. अक्का उठून उभ्या राहिल्या.  आत गेल्या, तो डबा आणला, म्हणाल्या, हे तुमच्या लेकानं तुमच्यासाठी दिलं होतं. खरं होतं तेवढं आणलंय.

म्हातारीनं डबा उघडला. त्या वेड्यावाकड्या पानांमधलं एक उचललं, उलटा र असलेलं, आणि अक्कांच्या तळहातावर ठेवलं. “सोनं घे, हौसा.”

अक्कांचा हात जागचा हलला नाही. वर नाही, खाली नाही. तीस वर्षांत असं पहिल्यांदाच झालं, त्या म्हणायच्या. वजन कळलंच नाही.

तर मंडळी, आता तुमची पाळी! परवा तुमच्याही हातात पानं येतील. पण वर्षभर पानं सोडून दुसरंही बरंच काही येतं ना? जवळचं माणूस हसत हसत देतं. “एवढी सही करा, नुसता कागद आहे.” “एवढं सांगून टाका, तुमच्या शब्दाला मान आहे.” “चिठ्ठी पुढं दे, शुभेच्छा आहेत!” आपण घेतो. हात दोन बोटं खाली जातो. आणि आपण काय म्हणतो? — पुठ्ठा असेल!

सर, चिठ्ठीचं उत्तर तुम्हाला द्यायचं राहिलं. मला माहीत होतं की नव्हतं, ते मी गोष्ट सांगता सांगता शोधत होते. तुमच्या परीक्षेत ती चिठ्ठी पुढं देणारी मीच, आणि घेताना माझा हात थांबला होता, सर. तेवढं आज सांगून टाकते, सगळ्यांदेखत. आता हात हलका झालाय.

आता सगळ्यांनी उजवा तळहात उघडा. हो, आजोबा, तुम्हीसुद्धा! काठी ठेवा खाली. डोळे मिटा. कुणी काही बोलू नका. मृदंग नको, पेटी नको. तुमच्या हातात आत्ता काय आहे, तेवढं तोलून बघा —

आणि जड लागलं, तर उद्या सकाळी लाल दारानं जा. अंबाबाई वाट बघतेय. आरती लावा!